साडेसातची हजेरी

एक्स्चेंजबाईंना खऱ्या नावाने हाक मारणारी माणसं एकेक करून संपली होती, आणि उरलेल्यांना त्या नावाची गरज कधी पडली नव्हती. चौतीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये कानाला यंत्र लावून बसलेली बाई, म्हणून एक्स्चेंजबाई. आता वय शहात्तर. उजवा गुडघा कामातून गेलेला, डावा त्याच वाटेवर. मुलगा आणि सुनेबरोबर चौथ्या मजल्यावर राहायच्या. आवाज मात्र अजून तिशीतल्या बाईचा होता. फोनवर नवा माणूस हमखास फसायचा, आणि त्याला फसू देणं बाईंना मनापासून आवडायचं.

तीन वर्षांपूर्वी एक्स्चेंजमधली त्यांच्या शेजारच्या खुर्चीवरची मैत्रीण घरात एकटीच असताना वारली, आणि ते लोकांना तिसऱ्या दिवशी कळलं. जिने आयुष्यभर दुसऱ्यांचे फोन जोडून दिले, तिला तीन दिवसांत एका माणसाने फोन केला नव्हता. बाई रडल्या नाहीत, संतापल्या. चार दिवस घरात कोणाशी धड बोलल्या नाहीत. पाचव्या दिवशी एक कोरी वही काढून त्यांनी ओळखीतल्या एकट्या पडलेल्या म्हाताऱ्या माणसांची यादी केली. नऊ नावं झाली. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला हजेरी सुरू झाली, ती आजतागायत चुकली नव्हती.

हजेरीचा नियम एक्स्चेंजला शोभेल असा कडक होता. दहा घंट्या वाजू द्यायच्या. नाही उचलला तर पाच मिनिटांनी पुन्हा दहा, आणि पाच मिनिटांनी आणखी दहा. तिसऱ्या वेळीही नाही उचलला तर किल्ली ठेवलेल्या शेजाऱ्याला फोन. आणि प्रत्येक हजेरीला एक विनोद, कारण नुसतं ‘आहात ना?’ विचारून फोन ठेवला तर आपण जनगणनेवाले वाटू, असं बाईंचं म्हणणं. पहिला नंबर रिटायर्ड कंपाउंडरचा. तो रोज सांगायचा, “अजून औषधं शिल्लक आहेत, म्हणून मी आहे.” मग एकाच घरात राहून सोळा वर्षं एकमेकींशी न बोललेल्या दोन बहिणी, त्यांना अर्थातच फोनही दोन. आणि चौथा नंबर हेडबाईंचा.

हेडबाई म्हणजे मुलींच्या शाळेच्या रिटायर्ड हेडमिस्ट्रेस. तीन गल्ल्या पलीकडे तळमजल्यावरच्या दोन खोल्यांत एकट्या राहायच्या. बाईंपेक्षा तीन वर्षांनी मोठ्या, म्हणून त्या बाईंना अगं-तुगं करायच्या आणि बाई त्यांना अहो-जाहो. परगावची मुलगी दर महिन्याला ‘आई, माझ्याकडे चल’ म्हणायची. ‘माझी पुस्तकं कुठे ठेवशील?’ असं विचारून हेडबाई तिला गप्प करायच्या. त्या दोन खोल्यांवर त्यांचा फार जीव होता. आणि राग कायम नाकाच्या शेंड्यावर.

गेल्या वर्षी एकदा त्यांनी तिन्ही वेळा फोन उचलला नाही. बाईंनी नियमाप्रमाणे किल्लीवाल्या शेजाऱ्याला, म्हणजे टेलरमास्तरांना कळवलं. मास्तर गळ्यात टेप, मागे दोन गिऱ्हाइकं, असे दार उघडून आत घुसले, तर हेडबाई डोक्याला कलप थापून आणि कानांत कापूस घालून आरामात पेपर वाचत बसलेल्या. आपले केस मुळातच काळे आहेत, असं त्या गल्लीला वीस वर्षं सांगत आल्या होत्या. त्यानंतर आठ दिवस त्यांनी बाईंशी अबोला धरला. नवव्या दिवशी बोलल्या त्या एवढंच, “पुन्हा त्या कात्रीवाल्याला माझ्या घरात घुसवलंस, तर हजेरीतून माझं नाव कायमचं खोड.”

एवढं होऊनही बाईंची जीभ गप्प बसेल तर शपथ. कालच्या हजेरीला त्यांनी विनोद सांगितला, “एका हेडबाईंना दाताचे डॉक्टर म्हणाले, तोंड उघडा. तर त्या म्हणतात कशा, आधी हात वर करून परवानगी मागा.”

पलीकडून मग प्रश्न आला, “हा विनोद माझ्यावर आहे का?”

“नाही हो, त्या दुसऱ्या हेडबाई. त्यांचे केस खरेच काळे होते.”

फोन दाणकन आपटला गेला. बाई डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या.

त्यामुळे आज सकाळी हेडबाईंनी पहिल्या दहा घंट्यांना फोन उचलला नाही, तेव्हा बाईंना जराही नवल वाटलं नाही. दुसऱ्या दहा झाल्या. तिसऱ्या दहांना तर बाई पलीकडे ऐकू जात असल्यासारख्या रिसीव्हरला म्हणाल्या, “बसा रुसून!” नियमाप्रमाणे आता मास्तरांना फोन करायला हवा होता. बाईंनी केला नाही. वहीत हेडबाईंच्या नावापुढे ‘रुसल्या’ असं लिहिलं आणि पाचवा नंबर लावला.

सून ऑफिसला निघताना दारात चपला घालत होती. बाईंनी तिला सगळं रंगवून सांगितलं. ती हसली, मग थांबली. “आई, तरी एकदा शेजाऱ्यांच्या कानावर घाला ना. तुमचाच नियम आहे.”

“आणि पुढचे आठ दिवस मनधरणी कोण करणार? तू?”

सुनेला उशीर होत होता. ती गेली.

दहा वाजता बाई वर्तमानपत्रातलं कोडं सोडवायला बसल्या. तीन शब्द सुटले, चौथ्यावर पेन थांबलं. गेल्या वर्षीचे ते आठ दिवस त्यांना आठवले. अबोला होता, पण हेडबाई रोज सकाळी फोन उचलत होत्या. पहिल्या घंटीला उचलायच्या आणि एक शब्द न बोलता आपटायच्या. रुसलेल्या हेडबाई फोन वाजत ठेवतील हे शक्यच नव्हतं. उभा जन्म शाळेत काढलेली ती बाई, वाजती घंटा तिला सहन व्हायची नाही.

आपण या बाईला तीन वर्षं रोज फोन करतो आणि एवढं साधं आपल्याला सकाळी सुचलं नाही!

त्यांनी हेडबाईंचा नंबर लावला. दहा घंट्या, वीस, तीस. चाळिसाव्या घंटीनंतर त्यांनी रिसीव्हर ठेवला. मास्तरांच्या दुकानात फोन लावला, तो त्यांच्या बायकोने घेतला. मास्तर कपडे पोचवायला गेले होते, मोबाइल मशीनवरच विसरले होते, किल्ल्यांचा जुडगा मात्र खिशात. ती बिचारी जाऊन हेडबाईंचं दार वाजवून आली. “बाई, आत नळ वाहतोय. पण त्या ओ देत नाहीत.”

“अगं मग दार फोडायला सांग कुणाला तरी!”

“नको हो बाई, मागच्या वेळी काय झालं ते आठवतंय ना? आमच्या ह्यांच्याकडे अजून बघत नाहीत त्या. हे येतीलच अर्ध्या तासात.”

हा भित्रेपणा बाईंनीच गल्लीभर पसरवला होता. कलपाचा तो किस्सा त्यांनी किती जणांना मीठमसाला लावून सांगितला होता, त्याची मोजदाद नव्हती. आता कुणाला बोलणार? मुलाचा फोन बंद. सुनेचा वाजतोय, कोणी घेत नाही. अर्धा तास हातावर हात ठेवून बसायचं म्हणजे जिवावरचं काम. बाई उठल्या, दार उघडं टाकलं आणि जिन्याकडे निघाल्या. लिफ्ट अकरा दिवस बंद होती. या अकरा दिवसांत त्या एकदाही खाली उतरल्या नव्हत्या.

पहिला जिना उतरताना त्यांनी कठड्याला मिठीच मारली होती. दुसऱ्या जिन्याच्या सहाव्या पायरीवर उजव्या गुडघ्याने दगा दिला. तो वाकेना, सरळही होईना. बाई भिंतीला पाठ घासत खाली बसल्या. खाली जाता येत नव्हतं आणि वर जाता येत नव्हतं. दोन पायऱ्या त्यांनी बसल्या बसल्या उतरून पाहिल्या आणि तोंडातून किंकाळी बाहेर पडली. दोन्ही बाजूंचे फ्लॅट कुलूपबंद, सगळी माणसं कामावर.

तेवढ्यात वर त्यांच्या घरातला फोन वाजायला लागला.

बाई तो आवाज कितीही लांबून ओळखायच्या. त्यांनी हात टेकून एक पायरी वर चढायचा प्रयत्न केला. मग पालथं होऊन दुसरी. घंटी वाजतच होती, आणि सवयीने त्या मोजत होत्या. बारा, तेरा, चौदा. “आले, आले!” असं त्या ओरडल्या सुद्धा, जसं काही फोनला ऐकू जाणार होतं. विसाव्या घंटीला तो बंद पडला. तेव्हा मात्र बाई पायरीवर डोकं ठेवून रडल्या. आपल्या रडण्याचा आवाज जिन्यात घुमतोय याचीही त्यांना लाज वाटली नाही.

“कोण आहे हो वर?” खालून आवाज आला. लिफ्ट दुरुस्त करणारा मेकॅनिक, अर्ध्या डोक्याला टक्कल पडलेला, तेलाने माखलेले हात पुढे धरून वर आला. “आजी, पडलात का?”

“मी नाही पडले. फोन आहे का तुमच्याकडे?”

त्याने कोपराने खिसा दाखवला. बाईंनी मोबाइल काढला आणि मास्तरांचा नंबर न अडखळता दाबला. नऊही माणसांचे आणि त्यांच्या शेजाऱ्यांचे नंबर त्यांना तोंडपाठ होते. या क्षणी डोकं हाच एक अवयव धड चालत होता.

पलीकडे स्वतः मास्तर होते. “बाई, कुठे होतात? आत्ताच फोन लावला होता तुम्हाला. सापडल्या. जिवंत आहेत. स्वयंपाकघरात पडल्या होत्या, खुब्याचं हाड गेलंय म्हणतात. अँब्युलन्समध्ये घातलंय आत्ताच. ओठ पार सुकले होते हो, वर नळ धो धो वाहतोय आणि त्यांचा हात पोचत नाही.”

“अंगावर काय होतं?” बाईंनी विचारलं.

“आं?”

“कपडे कुठले होते अंगावर?”

“झोपायचा गाऊन. आणि खोलीतला दिवा पण चालू होता. का हो?”

हेडबाई सहाला आंघोळ उरकून इस्त्रीचे कपडे घालून बसायच्या. आजारपणातसुद्धा दिवसाउजेडी कोणी त्यांना गाऊनमध्ये पाहिलं नव्हतं. म्हणजे त्या सहाच्या आधी पडल्या. फोन वाजला तेव्हा दीड-दोन तास त्या फरशीवर होत्या, आणि बाईंनी ‘रुसल्या’ असं लिहिल्यावर आणखी तीन तास.

मेकॅनिकने आणि वॉचमनने मिळून बाईंना प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून वर आणलं. मधल्या वळणावर बाईंच्या तोंडून निघून गेलं, “किती माणसांची परवानगी आहे हो या लिफ्टला?” ते दोघे खो खो हसले. बाईंना स्वतःची शिसारी आली.

दुपारभर त्या फोनशेजारी गुडघ्यावर बर्फाची पिशवी ठेवून बसून राहिल्या. मुलगा आला, सून आली. दवाखान्यात नेता का, असं बाईंनी दोनदा विचारलं. चार जिने कसे उतरवायचे, असं मुलाने उलट विचारलं. सुनेने सकाळच्या बोलण्याची आठवण एका शब्दाने काढली नाही, आणि ते जास्त लागलं.

संध्याकाळी साडेपाचला फोन आला. हेडबाईंची मुलगी बोलत होती, दुपारीच येऊन पोचली होती. “मावशी, उद्या सकाळी आठला ऑपरेशन आहे. एवढा वेळ पडून राहिल्यामुळे किडनीवर ताण आलाय म्हणतात. बघू या. पण मला तुम्हाला वेगळंच सांगायचंय. आईने मला सगळं खरं सांगितलंय.”

“हो,” बाई म्हणाल्या.

“तुम्ही तीन वेळा फोन केलात आणि ही बया मुद्दाम बसून राहिली! काल तुमच्यावर रागावली होती म्हणे. मग नऊ वाजता पाय घसरून पडली. ऐंशीला आलेल्या बाईने असं करावं? मी आता हिचं काही ऐकणार नाहीये, मावशी. वाजणारा फोन रागाने न उचलणाऱ्या बाईला मी एकटी ठेवू शकत नाही. टाके निघाले की माझ्याकडे घेऊन जाणार. घरही रिकामं करून टाकते.”

बाईंना आधी काही कळेचना. मग सगळं लख्ख कळलं आणि त्या फोनवर जवळजवळ किंचाळल्या, “अगं, खोटं बोलतेय तुझी आई! ती सहालाच पडली होती. माझं चुकलं. मी शेजाऱ्यांना कळवलंच नाही, मला वाटलं रुसल्या असतील. तुझ्या आईचा काही दोष नाही गं. तिचं घर नको मोडूस.”

पलीकडे मुलगी थकलेलं हसली. “आई म्हणालीच होती. म्हणे, ती एक्स्चेंजबाई सगळं स्वतःवर ओढून घेईल, भाबडी आहे, तिचं ऐकू नकोस. मावशी, तुम्ही ना, खरंच. इतकी चांगली मैत्रीण तिला मिळायला नको होती.”

“मी खरं सांगतेय!”

“तुम्ही कधी खरं सांगता का, मावशी?” ती मायेनेच म्हणाली. “घ्या, बोला तिच्याशी. डॉक्टर आलेत, मी भेटून येते.”

थोडी खडखड झाली. मग हेडबाईंचा आवाज आला, अगदी बारीक, पण शिस्तीतला. “रडू नकोस. फोनमध्ये सूं सूं ऐकू येतं.”

“हेडबाई, का केलंत असं? तुमचं घर जाईल.”

“जाईल.” हे बोलायला त्यांना दम लागत होता. “सकाळच्या तीस मोजल्या. मग दहा वाजता चाळीस. त्या चाळीस वाजल्या तेव्हा कळलं, तुझ्या डोक्यात उजेड पडला. मग मी निवांत पडून राहिले.”

“मला शिव्या द्या. मुलीला सांगा खरं.”

“सांगितलं तर काय होईल? ती तुझ्या कंपाउंडरला सांगेल, तो सगळ्यांना. आठ माणसं आहेत अजून. रात्री दिवा घालवताना त्यांना वाटतं, काही झालं तर सकाळी ही बाई शोधून काढेल. तू चुकू शकतेस हे त्यांना कळलं, तर उद्यापासून झोप लागेल का त्यांना? मला आज फरशीवर कळलं ते, किती भरवसा टाकला होता मी. तुला म्हणून सांगते, फार भीती वाटत होती गं.”

इतक्या वर्षांत हेडबाईंनी भीती हा शब्द उच्चारलेला त्यांनी ऐकला नव्हता.

“उद्या हजेरी घ्यायची. साडेसात म्हणजे साडेसात. आणि सगळ्यांना हेच सांगायचं, मी रुसले होते. पाठ कर.”

“मला नाही जमणार.”

“पाठ कर म्हटलं ना.”

मग नर्सने फोन काढून घेतला. पेशंटला बोलायची बंदी आहे, असं सांगून तिने तो बंदही केला. बाईंनी रात्री जेवण टाळलं. सुनेने त्यांच्या गुडघ्याला मलम लावलं.

सकाळी साडेसातला बाईंनी पहिला नंबर लावला. कंपाउंडरने अर्धी घंटी वाजायच्या आत फोन उचलला. आज औषधांचं वगैरे काही बोलला नाही. “हेडबाईंचं काय ऐकतोय मी? बराच वेळ पडून होत्या म्हणे? तुम्ही फोन केला नव्हता का?”

घड्याळात साडेसात वाजून एक मिनिट झालं होतं. आठला हेडबाईंना आत नेणार होते.

“केला होता ना,” बाई म्हणाल्या. “तीनदा केला. पण माझ्यावर रुसल्या होत्या हो त्या. मुद्दाम उचलला नाही. मग नऊला पडल्या.”

पलीकडे कंपाउंडर हसायला लागला. हसता हसता त्याला खोकला आला. “काय हट्टी बाई आहे! शाळेतल्या पोरींचे काय हाल केले असतील! पण बरं वाटलं हो ऐकून. मला वाटलं, तुमच्याच हजेरीत गफलत झाली की काय. रात्रभर डोळ्याला डोळा नव्हता माझ्या.”

“छे हो,” बाई म्हणाल्या, “हजेरीत कशी गफलत होईल?” अजून सात जण बाकी होते, म्हणून त्यांनी फोन ठेवला आणि पुढचा नंबर लावला.